चार मार्कांचा साकव

पाचसहा पेपर तपासून झाले तेव्हा मी लाल पेन खाली ठेवलं आणि स्टाफरूमच्या दारातूनच ओरडले, "शाणू, असशील तिथून इकडे ये!"

शाणू आमच्या ऑफिसातला क्लार्क. प्रश्नपत्रिका तोच टाइप करतो, झेरॉक्सही तोच काढतो. मी ओरडले की तो पाण्याचा ग्लास घेऊन येतो, कारण त्याला वाटतं मला बीपी आहे. मला बीपी नाही. मी पेडण्याजवळच्या एका हायर सेकंडरीत गणित शिकवते.

"दुसऱ्या प्रश्नातला हा शेवटचा वाच," मी प्रश्नपत्रिका त्याच्या नाकापुढे धरली.

"प्रूव्ह दॅट," शाणूनं वाचलं, "साईन थीटा प्लस कॉस थीटा इज इक्वल टू वन."

"मी तुला हा प्रश्न कशाखाली दिला होता?"

शाणू जरा आठवू लागला. मग त्याचा चेहरा उजळला. "सॉल्व्हखाली! पण टीचर, खाली ठेवला तर शेवटच्या दोन ओळी दुसऱ्या पानावर जात होत्या. दोन ओळींसाठी वर्गभर पानं फुकट. वर प्रूव्हखाली ऐसपैस जागा होती, म्हणून तिथे सरकवला. पेपर एका पानात बसला बघा."

आणि तो शाबासकीची वाट बघत उभा राहिला. मी त्याच्या हातातलं पाणी घेतलं आणि पिऊन टाकलं.

आता ज्यांचा गणिताशी संबंध दहावीला सुखानं तुटला, त्यांच्यासाठी सांगते. थीटा म्हणजे एखादा कोन. साईन आणि कॉस म्हणजे त्या कोनावरून मिळणाऱ्या दोन संख्या. कोन बदलला की त्या बदलतात. एवढं पुरे, याहून जास्त माझे विद्यार्थीही लक्षात ठेवत नाहीत.

मी रोज म्हापशाहून बसनं येते. "पेडण्याची बस साडेसहाला सुटते" हे वाक्य खरं की खोटं? खरं आहे, पण बस भरली असेल तर. सोमवारी भरते आणि सुटते. शुक्रवारी सगळं पेडणं बाजाराला म्हापशात येतं, त्यामुळे उलट दिशेची आमची बस रिकामी, मग ड्रायव्हर चहाला जातो आणि आम्ही खिडकीतून त्याच्या पाठीकडे बघत बसतो. म्हणजे हे वाक्य काही दिवशी खरं, काही दिवशी खोटं. याला मी अटीचं समीकरण म्हणते. आणि "कंडक्टर आत आल्यावर मागे सरा म्हणतो" हे वाक्य घ्या. बस भरलेली असो, अर्धी असो, आत मी एकटी असो, तो म्हणणारच. याला म्हणतात नित्यसमानता.

सॉल्व्ह म्हणजे, बस कुठल्या दिवशी साडेसहाला सुटते ते शोधा. प्रूव्ह म्हणजे, ती रोज सुटते हे सिद्ध करून दाखवा. माझा प्रश्न पहिल्या जातीचा होता. शाणूनं पानं वाचवायला तो दुसऱ्यांच्या पंगतीत नेऊन बसवला.

आणि माझ्या अकरावीच्या अख्ख्या वर्गानं तो सिद्ध केला होता!

रागावू की हसू, कळेना. कोणी म्हणालं, साईनचा वर्ग अधिक कॉसचा वर्ग बरोबर एक, हे टीचरनी शिकवलंय, आता सगळ्याचं वर्गमूळ काढा, झालं सिद्ध. वर्गमूळ असं प्रसादासारखं एकेकाच्या हातावर ठेवता येत नाही हो! नऊ आणि सोळा मिळून पंचवीस. पण नवाचं तीन आणि सोळाचं चार मिळून सात होतात, पंचविसाचं वर्गमूळ पाच असतं. एकानं लिहिलं, "समजा हे खरं आहे," आणि पानभर खपून शेवटी लिहिलं, "म्हणून हे खरं आहे." त्याच्या चिकाटीला मी मनात नमस्कार केला. दुसऱ्या एकानं नव्वद अंश घालून बघितले, उत्तर एक आलं, आणि खाली दोन रेघा मारून तो मोकळा झाला.

उरलेल्यांनी साकव घातला होता. साकव म्हणजे ओहोळावर माडाचं खोड टाकून केलेला पूल, आमच्याकडे गावोगाव असतात. आमच्या स्टाफरूममध्ये याचा एक खास अर्थ आहे. पोरगं डाव्या बाजूनं सुरू करतं आणि जमेल तिथपर्यंत येतं. मग पानाच्या तळाला उजवी बाजू लिहितं आणि तिथून वर चढत येतं. मध्ये एक दरी उरते. त्या दरीवर "म्हणून" असा एक शब्द टाकला की पलीकडे जाता येतं. घाईत तपासणारा असला तर तोही मागोमाग पलीकडे जातो. सगळ्यांत सुबक साकव सान्वीचा. सान्वी वर्गात पहिली येणारी. तिनं शेवटच्या ओळीभोवती पट्टी धरून चौकटसुद्धा काढली होती.

फक्त एका पेपरात ती जागा कोरी होती. विराज गावसच्या.

विराजला एकूण मिळाले होते एकोणतीस. पासाला लागतात तेहेतीस. आणि हा प्रश्न होता चार मार्कांचा. मी ती बेरीज पुन्हा केली, कारण असले योगायोग मला आवडत नाहीत. तेवढीच आली.

शाणूला एखादी गोष्ट कळली म्हणजे बालरथाला कळली. बालरथ म्हणजे आमच्या शाळेची बस, आणि तिचा ड्रायव्हर सगुण. दुपारची फेरी करून तो थेट स्टाफरूमच्या दारात आला. चपला बाहेर काढल्या. सगुण चपला बाहेर काढतो तेव्हा काहीतरी मागायला आलेला असतो.

"टीचर, विराज नापास जालो म्हणतत. खरां?"

"सगुणबाब, मार्क अजून लागले नाहीत."

"म्हणून तर आत्ताच आयलों."

सगुण ड्रायव्हर पोटासाठी. खरा तो नाटककार. गावच्या जत्रेला दर वर्षी नाटक होतं, आणि यंदाचं सगुणनं स्वतः लिहिलं होतं. तीन अंकी, ऐतिहासिक. इतिहासात ते नक्की कुठे बसतं हे आमच्या प्रिन्सिपलनाही सांगता आलं नाही, आणि ते इतिहासच शिकवायचे. या नाटकात राजा होता शाणू, आणि ज्याच्या जिवावर तिन्ही अंक उभे होते तो निष्ठावंत सेनापती होता विराज. नाटकाच्या बोर्डवर त्याचा तलवारीसह फोटो होता. तो बोर्ड तिठ्यावर लागूनही झाला होता.

"मग नापास झाला तर काय बिघडलं? सेनापतीला गणित कशाला हवं?" मी म्हटलं.

"तेच्या आवशीक इचारा," सगुण कळवळून म्हणाला.

विराजची आई अंगणवाडीत काम करते. मुलांना ओरडायचं तिला कामच पडत नाही, नुसतं बघते. तिनं पोराला सांगून ठेवलं होतं, "गणितात नापास झालास तर तोंडाला रंग लागणार नाही." सगुण दोनदा तिच्याकडे जाऊन आला होता. पहिल्यांदा तिनं चहा दिला आणि नाही म्हणाली. दुसऱ्यांदा चहाही दिला नाही. वर्षभरात त्या बाईला मी जेवढी ओळखते त्यावरून सांगते, तिचं ते वाक्य नित्यसमानता होतं. त्याला कुठलीही अट लागत नव्हती.

"टीचर, जत्रा तोंडार आयली. आता दुसरो सेनापती खंयचो हाडूं? तुमचे चार मार्क, आमचो आख्खो गांव!"

"सगुणबाब, तुम्ही नाटकात एखाद्याचं डोकं उडवता ते पुढच्या प्रवेशात परत लावता का? मार्कांचंही तसंच असतं."

तो चपला घालून गेला. मला वाईट वाटलं. पण मी तोंडावर काही दिसू दिलं नाही, कारण शाणू खिडकीतून बघत होता.

दुसऱ्या दिवशी, शुक्रवारी सकाळी, विराज स्वतः आला. उंच पोरगा, आवाज ढोलासारखा, पण गणिताच्या तासाला तो ढोल कुठे जायचा देव जाणे.

"टीचर, तो प्रश्न सिद्धच जायना."

"अस्सं! आणि हे कधी कळलं? सगुणनं सांगितल्यावर?"

"परीक्षेतच कळलां. तुमीच सांगला न्हय, सिद्ध करूंचे पयलीं एक कोन घालून पळयात. मी तीस घातले. एकापेक्षा जास्त आयला. परत केला, परत तेवढाच."

"मग तसं लिहायचंस की! सिद्ध होत नाही, कारण तीस अंशाला जमत नाही. चारच्या चार दिले असते."

विराज बुटांकडे बघत राहिला. मग शुद्ध मराठीत, अगदी नाटकातल्यासारखा म्हणाला, "पेपर तुम्ही काढलेला, टीचर. तुम्ही सिद्ध करा म्हणता, तिथे सिद्ध होत नाही असं मी कसं लिहू?"

या पोरांना आम्ही असं वाढवतो. देवळात, घरात, शाळेत, मोठ्या माणसानं "कर" म्हटलं की करायचं. चाळीस जणांनी माझा मान राखायला खोटं सिद्ध करून दिलं होतं, आणि हा एक माझा मान राखायला गप्प बसला होता. मला त्या मानाचाच राग आला.

पण राग आला म्हणून मार्क देता येत नाहीत. परीक्षेच्या हॉलमधून बाहेर पडल्यावर सगळेच शहाणे असतात. त्याला खरंच परीक्षेत कळलं होतं की बालरथात, हे मला कसं ठरवता येणार? म्हणून मी गठ्ठा उचलला आणि प्रिन्सिपलच्या केबिनमध्ये गेले.

आमचे प्रिन्सिपल सावळ सर. डिचोलीहून स्कूटरवर येतात. माणूस भला, पण वाद दिसला की त्यांना मीटिंगची आठवण होते. मी सगळं सांगितलं. ते शांतपणे ऐकत होते, म्हणजे मी गप्प व्हायची वाट बघत होते.

"टीचर, चूक आपली. बरोबर? मग ज्यांनी ज्यांनी प्रश्न अटेम्प्ट केला त्यांना फुल मार्क देऊन टाका. विषय संपला."

"अटेम्प्ट? सर, त्यांनी खोटं सिद्ध केलंय!"

"खोटं कसं? सान्वीनं चौकट काढलीय." त्यांनी सान्वीचा पेपर माझ्यापुढे सरकवला. तिची आई पालक-शिक्षक संघात आहे, हेही त्या सरकवण्यात आलं.

"चौकट काढली म्हणून खरं होतं का?"

"थांबा, आपण शास्त्रीय पद्धतीनं बघू." सरांनी मोबाइलमधला कॅल्क्युलेटर उघडला. "थीटा शून्य. साईन शून्य, शून्य. कॉस शून्य, एक. बेरीज एक! बरोबर आहे की हो."

"सर..."

"थांबा. नव्वद. एक अधिक शून्य. एक!" त्यांना आता मजा येऊ लागली. "तीनशे साठ. एक! चारशे पन्नास... टीचर, इथेही एक! चार साक्षीदार एकमुखानं बोलताहेत. इतिहासात आम्हाला दोन मिळाले तरी आम्ही पुस्तक लिहितो."

"तीस घाला."

"तीसच का?"

"घाला तर खरं."

त्यांनी घातले. मोबाइल डोळ्यांजवळ नेला, मग दूर धरला. "एक पॉइंट तीन सहा सहा." मोबाइल टेबलावर ठेवून म्हणाले, "तुम्ही मुद्दाम वाकडा कोन सांगितलात."

"सर, शून्य आणि नव्वद हे घरचे साक्षीदार. तिथे साईन, कॉस एकतर शून्य होतात नाहीतर एक, त्यामुळे पुष्कळ खोट्या गोष्टी तिथे खऱ्या दिसतात. आणि तुमचे तीनशे साठ, चारशे पन्नास म्हणजे तेच दोघे, फेरी मारून पुन्हा आलेले. परक्याला विचारायचं असतं. रोज खरं आहे असं कोणी म्हणालं, तर खोटं पाडायला एक दिवस पुरतो. पण खरं ठरवायला हजार दिवस बघूनही भागत नाही, त्याला सिद्धताच लागते."

सरांनी आणखी पंचेचाळीस घालून बघितले. तिथेही जमलं नाही. ते खुर्चीत मागे टेकले आणि एकदम गंभीर झाले. "म्हणजे ज्यांनी लिहिलं ते सगळे चुकले, आणि ज्यानं काहीच लिहिलं नाही तो बरोबर?"

"बरोबर आहे की नाही ते मला माहीत नाही. पण खोटं लिहिणाऱ्यांना चार आणि त्याला शून्य, हे माझ्या हातून होणार नाही."

"गप्प बसण्याला मार्क द्यायचे म्हटलं तर टीचर, आपली अर्धी शाळा बोर्डात पहिली येईल."

हे त्यांचं बरोबर होतं. शेवटी ठरलं ते असं: प्रश्न रद्द. सोमवारी पहिल्या तासाला सगळ्यांना तोच प्रश्न पुन्हा, योग्य शब्दांत. हे समीकरण नेहमी खरं आहे का? नसेल तर शून्यापासून तीनशे साठच्या आत कोणत्या कोनांना खरं आहे? एक मार्क पहिल्या भागाला, तीन दुसऱ्याला. कागद मी स्वतः हातानं लिहिला. शाणूला सांगितलं, एवढ्या दोन ओळींसाठी अख्खं पान वापर, मी परवानगी देते.

सोमवारी वर्गात पंख्याचा आवाज तेवढा येत होता. बाहेर अंगणात बालरथ उभा, आणि सगुण काच पुसत होता. एकच काच, तासभर. सावळ सर "सहज" म्हणून मागच्या बाकावर येऊन बसले होते. मला मनातून माहीत होतं की या पोराला चारही मार्क हवेत. एक गेला तरी बत्तीस, आणि बत्तीस म्हणजे नापास.

या प्रश्नात एक सापळा आहे. तो मीच ठेवलेला असतो, दर वर्षी. समीकरण सोडवायची सोपी रीत म्हणजे दोन्ही बाजूंचा वर्ग करायचा. पण वर्ग केला की उणे एकाचाही एकच होतो. म्हणून ज्या कोनांना बेरीज उणे एक येते, तेही उत्तरांत घुसतात. जेवायला बोलावलेल्या दोघांबरोबर न बोलावलेले दोघे येऊन पाटावर बसावेत तसं. शून्य आणि नव्वद हे बोलावलेले. एकशे ऐंशी आणि दोनशे सत्तर हे आगंतुक. प्रत्येकाला मूळ समीकरणात घालून बघायचं आणि आगंतुकांना उठवायचं. नाही उठवलं तर एकेकाचा एक मार्क मी कापते.

मी बाकांमधून फिरत विराजच्या मागे जाऊन उभी राहिले. पहिला भाग त्यानं केव्हाच लिहिला होता. नेहमी खरं नाही, तीस घालून पाहा. मला बरं वाटलं, पोरगा शुक्रवारी खरंच बोलला असावा. खाली वर्ग केला होता, नीट. मग चार उत्तरं एकाखाली एक. शून्य, नव्वद, एकशे ऐंशी, दोनशे सत्तर. आणि त्यानं पेनाला टोपण लावलं.

अरे लेका!

माझ्या जिभेवर "तपासून बघ" एवढे दोनच शब्द होते. पण एकाला सांगायचं तर सगळ्यांना सांगायला हवं, आणि सगळ्यांना सांगितलं तर मग परीक्षा कसली? मी खोकलेसुद्धा नाही. खोकला खरंच आला होता, तो गिळला. बाहेर सगुण त्याच काचेवर आणखी जोरात कापड फिरवत होता.

विराजनं कागद उचलला. दूर धरून बघितला, नाटकातला खलिता बघतात तसा. मागून सावळ सरांचा आवाज आला, "झालं का रे, सेनापती?"

"झालं, सर," तो म्हणाला आणि अर्धा उठला. मग पुन्हा बसला. टोपण काढलं. समासात लिहिलं, साईन एकशे ऐंशी शून्य, कॉस एकशे ऐंशी उणे एक. थांबला. एकशे ऐंशीवर आडवी रेघ मारली. दोनशे सत्तरकडे त्यानं बराच वेळ बघितलं. तास संपल्याची घंटा झाली तेव्हा त्याची रेघ अर्धीच झाली होती, पण झाली होती. बाजूला त्यानं लिहिलं, "हे दोघे चालत नाहीत."

गणितात असं लिहीत नाहीत. मी काही कापलं नाही.

चारच्या चार. तेहेतीस. त्याच्या आईला मी स्वतः सांगितलं. तिनं कागद मागून घेतला, रेघ मारलेल्या दोन ओळी बघितल्या आणि विचारलं, "हे खोडलेलं कशाला?" मी म्हटलं, "त्या खोडण्याचेच मार्क आहेत, वहिनी." तिनं पुन्हा एकदा माझ्याकडे तसं बघितलं, अंगणवाडीतल्यासारखं. मग म्हणाली, "बरं. रंग लावूं दे." बाहेर बालरथाचा हॉर्न दोनदा वाजला, आणि आम्ही दोघींनी ऐकलंच नाही असं दाखवलं.

सान्वीनं चारही कोन, दोन आगंतुकांसकट, ठेवले होते, तेही सुंदर चौकटीत. तिला दोन मिळाले. तिची आई सरांच्या केबिनमध्ये आली. मी बाहेर बाकावर बसून ऐकत होते, दार उघडंच होतं.

"सर, माझ्या मुलीनं चार उत्तरं लिहिली. त्या मुलानं दोनच. आणि मार्क त्याला जास्त? हा कुठला न्याय?"

मला वाटलं सरांना आता मीटिंग आठवणार. पण सरांनी मोबाइल काढून तिच्यापुढे ठेवला आणि म्हणाले, "मॅडम, एकशे ऐंशी घालून पाहा." बाईंनी घातले. मग न सांगता दोनशे सत्तरही घातले. बाहेर पडताना त्या मला म्हणाल्या, "टीचर, ही चौकट काढायची सवय तिला मीच लावली." मी म्हटलं, "सवय चांगली आहे. फक्त चौकटीत काय घालतो ते बघायचं."

नाटकाची रंगीत तालीम रविवारी दुपारी देवळाच्या मंडपात होती. सगुणनं मला आणि सरांना पहिल्या रांगेत बसवलं, सरबत दिलं. दुसऱ्या अंकात दरबार भरला. शाणू सिंहासनावर, डोक्यावर सोनेरी मुकुट, मिशा अर्ध्या सुटलेल्या. समोर साखळदंडांत सेनापती.

शाणू गरजला, "सेनापती! तू शत्रूला सामील आहेस. नाहीस, तर सिद्ध कर!"

इथे विराजचं एक लांबलचक स्वगत होतं, मातृभूमी वगैरे. विराज पुढे आला, तोंड उघडलं, आणि सगळं विसरला. विंगेतून सगुण प्रॉम्प्टिंग करत होता, पण त्याचा आवाज तिसऱ्या रांगेत ऐकू जात होता, विराजला नव्हे. विराजनं राजाकडे बघितलं. शाणूकडे, ज्यानं माझा प्रश्न उचलून प्रूव्हखाली टाकला होता. आणि त्याचा तो ढोलासारखा आवाज मंडपात घुमला.

"महाराज! सिद्ध कर म्हणण्याआधी, आपण म्हणता ते खरं आहे का, ते तरी घालून पाहा!"

मग टाळ्या. सावळ सर सगळ्यांत आधी उभे राहिले. शाणूला वाटलं पोरगा त्यालाच बोलतोय. तो सिंहासनावरून उठला, मुकुट सावरला आणि खाली मान घालून म्हणाला, "बरं. पुढच्या खेपेक घालून पळयतां." मागून पोरं शिट्ट्या मारत ओरडली, "वन्स मोअर!"

सगुणनं ते स्वगत तिथल्या तिथे कापलं आणि ते वाक्य नाटकात कायमचं घातलं. जत्रेच्या दिवशीही त्यालाच वन्स मोअर मिळाला. दुसऱ्या दिवशी बालरथाच्या पायरीवर उभा राहून सगुण मला विचारतो, "कशां बरयलां, टीचर?"

मी म्हटलं, "छान लिहिलंय, सगुणबाब."

आणखी काय म्हणणार? "आधी घालून पाहा" हेच वाक्य तीस वर्षं मी अकरावीच्या वर्गात म्हणतेय. मला आजपर्यंत एकदाही वन्स मोअर मिळालेला नाही. पुढच्या वर्षी मी निवृत्त होते. शेवटच्या तासाला शाणूकडून तो मुकुट मागून घ्यावा म्हणते.